पाचचा माणूस

८ जानेवारी

तीर्थरूप ताईस,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार.

तुझ्या गुडघ्यांची चौकशी या पत्रात अखेरीस येईल. कारण आज माझे मन सुडाने इतके भरले आहे, की गुडघ्यांना त्यात जागा उरलेली नाही. फोनवर तुला नीट ऐकू येत नाही आणि ही गोष्ट ओरडून सांगण्याजोगी नाही, म्हणून लिहितो.

वजनमापे निरीक्षकाच्या नोकरीतून निवृत्त झाल्यापासून मी रोज संध्याकाळी पाच वाजता शिंप्याच्या दुकानात जातो, हे तुला ठाऊक आहेच. शिंपी, दंतवैद्य, पुस्तके बांधणारा बाइंडर आणि मी. कापडाच्या ठाणांमध्ये चार खुर्च्या, एक किटली आणि दिवेलागणीनंतरही न संपणारा वाद. माझ्या दिवसाला हा एवढा एकच खुंटा आहे. उरलेला दिवस मी त्याला टांगून ठेवतो.

काल वाचनालयात रंगकाम निघाले, म्हणून मी चारच्या सुमारासच गल्लीत पोहोचलो. दुकानावर ‘बंद’ अशी पाटी होती आणि पडदा ओढलेला होता. आतून मात्र हसण्याचे आवाज येत होते. त्यांत दंतवैद्याचे हसणे मी तत्काळ ओळखले. आयुष्यभर दुसऱ्यांना तोंड उघडायला लावल्यामुळे त्याला स्वतःचे मिटता येत नाही.

मी समोरच्या औषधांच्या दुकानाच्या आडोशाला उभा राहिलो. पाच वाजण्याच्या बेतात पडदा सरकला, पाटी उलटली आणि मी दुकानाकडे निघालो. मागच्या बोळातून दंतवैद्य बाहेर पडला, वळसा घालून पुढे आला आणि पायरीवर मला गाठून म्हणाला, “अरे, काटेसाहेब! मीही आत्ताच पोचतोय. काय गारठा पडलाय!” ताई, त्याच्या कपाळावर घाम होता आणि विजारीला पांढऱ्या दोऱ्याचे तुकडे चिकटले होते. माणसाने थाप मारावी, पण अंग झटकून मारावी!

आत बाइंडर कप विसळत होता. तीन खुर्च्या उबदार होत्या. माझी तेवढी थंड होती. शिंपी तर हल्ली माझ्याशी बोलताना मान एका बाजूला फिरवून बसतो, जणू माझे तोंड पाहणे त्याला नकोसे झाले आहे.

थोडक्यात, माझे जिवलग मित्र रोज चारला माझ्याशिवाय भेटतात, पोटभर हसतात आणि पाचला माझ्यासाठी नव्याने आल्याचे नाटक करतात. मी एकटाच पाचचा माणूस आहे.

मला यांचे उट्टे काढायचे आहे. भर दुकानात तिघांना तोंडघशी पाडावे, की न बोलता कायमचे संबंध तोडावेत, याचा निर्णय होत नाही. लहानपणी शेजारच्या मुलांनी मला खेळात घेतले नाही, तेव्हा तू त्यांचा चेंडू विहिरीत टाकला होतास. या शास्त्रात तुझा अधिकार मोठा आहे. सल्ला दे.

गुडघे कसे आहेत?

तुझा,
धाकटा


१४ जानेवारी

चि. धाकट्यास,

आशीर्वाद. गुडघे आहेत. तू शेवटी विचारलंस म्हणून कुठे निघून गेले नाहीत.

तुझं पत्र दोनदा वाचलं. तोंडघशी वगैरे काही पाडायचं नाही. तू भांडायला उभा राहिलास की खटला चालवल्यासारखा बोलतोस. समोरचा चुकलेला असला तरी लोकांना त्याचीच दया येते. संबंध तोडायचेही नाहीत. तू रुसून घरी बसलास तर त्यांचं काय जाणार? तुझ्या वाटणीचा चहा ते पिऊन टाकतील.

सूड घ्यावा तो गोड तोंडानं. माझ्या डोक्यावरच्या मजल्यावरची बाई रोज माझ्या वाळत घातलेल्या कपड्यांवर सतरंज्या झटकते. मी भांडले का? नाही. रोज सकाळी तिच्या दाराशी जाऊन अर्धा तास माझ्या गुडघ्यांची हकीकत सांगते. परवापासून ती सतरंज्या मागच्या बाजूला झटकायला लागली.

तेव्हा ऐक. तुला सगळं कळलंय, हे त्यांना कळू द्यायचं नाही. ते पाचला तुझ्यासाठी थांबतात ना? थांबू देत. तू साडेपाचला जा. मग सहाला. मग साडेसहाला. ते चारपासून येऊन बसलेले असणार, आणि तसं कबूल करायची सोय नाही! तुला उशीर का, असंही विचारता येणार नाही. बसून बसून त्यांच्या पाठी धरतील. घरी बायका बोलतील त्या वेगळ्या.

आणि एक लक्षात ठेव. लवकर म्हणून कधी जायचं नाही. लवकर गेलास की सगळा डाव फुकट.

पायांत मोजे घाल.

ताई


२९ जानेवारी

तीर्थरूप ताईस,

साष्टांग नमस्कार. तुझ्या सल्ल्याला तोड नाही!

पहिल्या दिवशी साडेपाचला गेलो. कोणी ब्र काढला नाही. गेल्या आठवड्यापासून मी साडेसहापर्यंत पोहोचलो आहे आणि शत्रूची अवस्था पाहण्यासारखी झाली आहे. तिघांचे डोळे लाल झाले आहेत, पाठी वाकल्या आहेत. बाइंडरची बोटे आखडल्यामुळे त्याला कप धरवत नाही. परवा दंतवैद्य चक्क अंगठा चोखत बसला होता; भुकेने, दुसरे काय! मी विचारले, “का रे, दात येताहेत की काय?” त्यावर तो कसनुसे हसला. एरवी माझा एकही टोला त्याने परत केल्याशिवाय सोडलेला नाही. शत्रू खचला आहे, ताई.

फक्त एक गोष्ट मला खटकते. मी उशिरा जातो याचा त्यांना राग यावा, तसा तो येताना दिसत नाही. उलट बाइंडर म्हणाला, “सावकाश येत जा हो. थंडीचं धावपळ करू नये.” या गोडव्यामागे नवे कपट असणार.

म्हणून मी लढाई त्यांच्या घरात नेली आहे. काल शिंप्यासमोर कोटाचे कापड ठेवले आणि म्हणालो, “माझा कोट शिव. तू स्वतः शिवायचास. बाहेर द्यायचा नाहीस. आणि झाल्यावर मी तो माझ्या पद्धतीने तपासणार.” त्याचा चेहरा असा उतरला, की माझ्या तीन आठवड्यांच्या दुःखाची भरपाई झाली. त्याने माप घेतले, पण तेही धड नाही. फीत याने धरायची आणि आकडे बाइंडरने वाचायचे! मध्ये मध्ये करण्याची बाइंडरची खोड जुनीच आहे. दंतवैद्याने कापड उचलले, उजेडात धरले आणि ‘अरे देवा’ असे म्हटले.

आता कोट होऊ दे. त्यातली प्रत्येक सुरकुती मी चारचौघांत मोजून दाखवीन. ज्यांनी मला पाचचा माणूस केले, त्यांना दाती तृण धरायला लावीन.

मोजे घालतो.

तुझा,
धाकटा


३१ जानेवारी

आदरणीय ताई,

दंतवैद्याचा नमस्कार.

तुमच्या भावाला उशिरा यायला लावून तुम्ही आम्हाला रोज दीड तास मिळवून दिलात, त्याबद्दल आधी पाया पडतो. नाताळच्या सुट्टीत तुम्हाला लिहिलं तेव्हा वाटलं नव्हतं की तुम्ही एवढ्या सफाईनं काम कराल. त्याला वाटतंय तो आमचा छळ करतोय. रोज विजयी मुद्रेनं येऊन बसतो. आम्हालाही त्याचा आनंद बघवत नाही, पण करणार काय!

डॉक्टरांचा निकाल आला. शिंप्याची मधली नजर गेली ती गेली, परत येणार नाही. कडेचं तेवढं दिसतं. म्हणून तर समोरच्या माणसाकडे बघायला तो कोंबड्यासारखी मान वाकडी करतो. यंत्रावर सरळ टीप अजून मारतो, हाताच्या अंदाजानं. काजं, बटणं, उसवणं, ओवणं हे आम्ही दोघं करतो, पाटी उलटी लावून. माझी बोटं सुईनं चाळणीसारखी झालीत. पण ताई, खरं सांगू? दवाखाना बंद केल्यापासून इतका हसलो नव्हतो.

तुम्ही पुन्हा विचारलंत, ‘माझ्या भावाला का सांगत नाही?’ मीही शिंप्याला परत विचारलं. तो म्हणाला, “काटा खोटं बोलणार नाही, आणि मला खरं ऐकायचं नाही.” तुम्हाला म्हाताऱ्या न्हाव्याची गोष्ट माहीत नसेल. त्याचा हात थरथरायला लागला, तेव्हा तुमचा भाऊ अर्ध्या दाढीवर खुर्चीतून उठला आणि भर दुकानात म्हणाला, “हात हलतोय. वस्तरा खाली ठेवा.” बरोबरच होतं हो. पण न्हाव्यानं त्याच मोसमात दुकान विकलं, आणि गल्लीत परत दिसला नाही. शिंपी म्हणतो, काट्यानं माझ्याकडे बघून तसं म्हटलं तर मी दुसऱ्या दिवशी कुलूप लावीन.

आता संकट ऐका. त्यानं कोट शिवायला टाकलाय! गडद निळं कापड, अस्तरासकट. आम्हाला येतात बटणं, आणि हा म्हणतो कोट. तोही काट्याचा, जो दळलेलं पीठसुद्धा घरी नेऊन परत मोजतो! काहीतरी करा आणि हा नाद त्याच्या डोक्यातून काढा. नाहीतर आमचं बिंग फुटलंच.

आपला,
दंतवैद्य


५ फेब्रुवारी

चि. धाकट्यास,

आशीर्वाद. कोट कशाला हवाय तुला? आहे तो कुठे फाटलाय? आणि या वयात गडद निळ्या कोटात तू बँडवाला दिसशील. हातात फक्त तुतारी द्यायची बाकी.

मी म्हणते तेवढं कर. कापड परत आण. ‘राहू दे, माझा विचार बदलला’ एवढंच म्हण. मागितलेली वस्तू मधेच नको म्हणणं, यासारखा अपमान नाही. माणूस आठवडाभर विचार करत बसतो, आपलं काय चुकलं. सूडच हवा ना? मग हा घे, फुकटातला.

मित्रांच्या कामात खोट काढायला कपडे शिवून घेऊ नयेत. अंगाला टोचतात.

लगेच जाऊन ये, आणि मला कळव.

ताई


२४ फेब्रुवारी

तीर्थरूप ताईस,

नमस्कार. साष्टांग या खेपेस घालत नाही. कारण पुढे येईल.

कोट झाला. काल तो घरी आणला, टेबलावर पसरला, खिडकी पूर्ण उघडली आणि तपासणीला बसलो. तीस वर्षे तराजूंची पारडी तपासली. परंतु असा माल माझ्यासमोर कधी आलेला नव्हता.

डावी बाही उजवीपेक्षा बोटभर लांब आहे. मुंढा इतका आवळला आहे, की हात आत गेला तर बाहेर येण्यास तयार होत नाही. हे मला अपेक्षित नसले तरी हवेच होते, म्हणून मी हर्षित झालो. सूड आयता हाती आला होता. मग मी भिंग काढले.

कॉलर आतून उलटून पाहिली. ती शिंप्याने शिवलेलीच नाही. दोरा एकाआड एक घड्यांतून नेऊन टोकाशी फास देणे, याला जुजबंदी म्हणतात. जाड ग्रंथांची पाने अशी शिवतात. मान वळवली की ती कॉलर शब्दकोशासारखी करकरते. आतला खिसा तर शिवलेलाही नाही. तो खळीने चिकटवला आहे आणि वर वजन ठेवून वाळवला आहे. वजनाच्या बुडाचा गोल ठसा मला ओळखता येतो. हा बाइंडर.

नंतर काजे पाहिली. त्यांच्या कडेला एकसंध दोरा नाही. प्रत्येक टाका सुटा, प्रत्येकाला स्वतंत्र गाठ आणि गाठीला दोन वेढे. ताई, असे टाके मी पूर्वी पाहिले आहेत. माझी अक्कलदाढ काढल्यावर हिरडीत असेच टाके घातले होते, आणि ते समान अंतरावर आहेत की नाहीत, हे मी आरशात तपासले होते. माझ्या कोटाला दंतवैद्याने काजे नव्हे, जखमा केल्या आहेत, आणि त्या बऱ्या होण्याची वाट पाहत आहे!

मी भिंग खाली ठेवले. दंतवैद्याने माझा कोट का शिवावा? विजारीला चिकटलेले दोरे, चोखलेला अंगठा, बाइंडरने वाचलेली फीत हे सगळे मला तेव्हा आठवले. मग शिंप्याची वाकडी मान आठवली. तो माझ्यावरून नजर काढून घेत नव्हता, ताई. तो ती माझ्यावर आणण्याची खटपट करत होता.

त्याला दिसत नाही. आणि रोज चारला पडद्याआड बसून हे दोघे त्याचे दुकान शिवत आहेत.

हे समजल्यावर माझा राग उतरला असेल, असे तुला वाटेल. तो दुप्पट झाला. चहाला मला वगळले, हे मी सहन केले असते. पण ज्याला दोन दात सलग भरता आले नाहीत, त्याच्या हाती सुई दिली आणि मला दाराबाहेर ठेवले! एवढा काय मी परका?

आता तुझ्याविषयी. कापडाचा रंग मी तुला कधीही कळवलेला नव्हता. तुझ्या पत्रात मात्र तो ‘गडद निळा’ आहे. मी माझी सर्व पत्रे आठवून पाहिली. तुला तो ज्याने कळवला, त्याने बाकीचेही कळवले असणार. म्हणजे मी उशिरा जावे, ही युक्ती माझ्या सुडासाठी नव्हती, त्यांच्या सोयीसाठी होती. सख्ख्या बहिणीने केसाने गळा कापला. मी सावकाश यावे, असे बाइंडर का म्हणत होता, ते आता कळले. मी दीड महिना शत्रूची सेवा करत होतो, आणि वर मिशीला पीळ देत होतो.

उद्या चार वाजता हाच कोट घालून मी त्या दुकानात जाणार आहे. प्रत्येक टाक्याचा जाब विचारणार आहे, आणि जे खरे आहे ते शिंप्याला त्याच्या तोंडावर सांगणार आहे. त्यानंतर दुकान राहते की जाते, ते पाहण्यास मी तेथे थांबणार नाही.

धाकटा


२६ फेब्रुवारी

धाकट्या,

पत्र आत्ता हातात पडलं. शेजारणीला सांगून तुला चारदा फोन लावला, तू उचलत नाहीस. म्हणून लिहिते, आणि माणसाच्या हाती पाठवते. पोचायला उशीर झाला असेल तर जे झालं ते झालं.

हो, मी फसवलं. पुन्हा वेळ आली तर पुन्हा फसवीन. तुला चेंडू विहिरीत टाकलेला आठवतो. ती मुलं तुला खेळात का घेत नव्हती, ते मात्र आठवत नाही. कोणी धावून आलं की तू म्हणायचास, ‘रेषेला पाय लागला नाही, बाद.’ लागलेला नसायचाच. तुझं बरोबरच असायचं. पण खेळ रोज तिथंच संपायचा.

तुला कोणी परका मानत नाही रे. परक्याचं कोण एवढं मनाला लावून घेतं? गल्लीतल्या कोणीही शिंप्याला ‘तू आंधळा झालास’ म्हटलं तर तो शिवी देऊन पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळेल. तू म्हणालास तर कुलूप लावील. तुझ्या शब्दाचं वजन तुलाच कळत नाही, आणि म्हणे वजनमापे निरीक्षक!

माझ्यावर काय सूड घ्यायचा तो घे. मी म्हातारी आहे, फार दिवस पुरणार नाही, घाई कर. पण त्या माणसाला सोड. हात जोडते.

ताई


२ मार्च

तीर्थरूप ताईस,

साष्टांग नमस्कार. या खेपेस घातला आहे, पण त्यावरून काही अनुमान काढू नकोस.

तुझे पत्र आले, तेव्हा मी जाऊन आलो होतो.

कोट चढवण्यातच बराच वेळ गेला. कॉलर करकरत गल्लीत पोहोचलो. पाटी ‘बंद’ होती. मी दार ठोठावले. आतले हसणे कात्रीने कापल्यासारखे तुटले. मग कुजबुज झाली, एक खुर्ची पडली आणि बाइंडरचा आवाज आला, “काटा आहे! काटा!”

दार दंतवैद्याने उघडले. सदऱ्याला सुई टोचलेली होती आणि तिला हातभर दोरा लोंबत होता. “आम्ही आत्ताच…” असे म्हणून तो थांबला. त्या वाक्याला पुढे जागाच नव्हती.

आत टेबलावर कोणाचीतरी विजार आतडी काढल्यासारखी पडली होती. बाइंडरने खळीचा वाडगा पाठीमागे लपवला. शिंपी यंत्राशी बसला होता. त्याने मान वाकडी केली आणि मला नजरेच्या कडेत घेतले.

मी भाषण पाठ करून गेलो होतो. त्याचे पहिलेच वाक्य असे होते, की ते ऐकून दगडाला घाम फुटला असता. पण मी तोंड उघडण्यापूर्वी शिंपी म्हणाला, “कोट घातलायस?”

“घातलाय.”

“कसा झालाय?”

दंतवैद्य माझ्याकडे असा पाहत होता, जसे त्याचे रोगी त्याच्याकडे पाहत असत. शिंप्याचा हात यंत्राच्या चाकावर होता आणि तो हलत नव्हता. मला स्पष्ट दिसले, की त्याने तो प्रश्न कोटाविषयी विचारलेला नाही.

ताई, मी आजवर खोटे बोललेलो नाही, आणि त्या दिवशीही बोलणार नव्हतो.

“वाईट झालाय,” मी म्हणालो. “बाही लांब. खिसा चिकटवलेला. कॉलर वाचायला घ्यावी अशी. चौघांचं काम तिघांवर टाकलं की दुसरं काय होणार?”

हे शेवटचे वाक्य माझ्या भाषणात नव्हते. ते कोठून आले, याचा मी अजून तपास करत आहे.

शिंप्याने विचारले, “चौथा कुठे होता?”

“त्याला कोणी बोलावलं नाही.”

“त्याची भीती वाटते.”

“मग घाबरा,” मी म्हणालो, “पण बोलवा.”

दंतवैद्याला हसू फुटले, आणि त्याला ते आवरता येत नाही, हे मी पूर्वी लिहिलेच आहे. शिंपी हसला नाही. तो म्हणाला, “खरं सांग. कात्री खाली ठेवू?”

“कात्री खाली ठेव. कापताना तुझा हात चुकतो. यंत्र सोडू नकोस. टिपा सरळ आहेत, मी भिंगातून पाहिल्यात. मापं मी घेणार. बाइंडरच्या चष्म्यावर माझा विश्वास नाही.”

“आणि कापणार कोण?”

“मी.”

“तू?” शिंपी म्हणाला. “कोट काढ. आधी ती बाही उसव. दोन महिने उसवत बस. मग कात्रीचं बोलू.”

तेव्हापासून मी चारला जातो आणि उसवतो. हे काम माझ्या स्वभावाला धार्जिणे आहे, असे दंतवैद्य सर्वांना सांगत असतो. शनिवारी मला पहिले बटण लावायला दिले. मी ते इतके घट्ट लावले, की काजाकडे जायला ते तयार होईना. मग जे घडले, त्याला सूड याखेरीज दुसरा शब्द नाही. दंतवैद्याने घरून दात पाहण्याचा छोटा आरसा आणला होता. त्याने तो माझ्या बटणाखाली धरला आणि म्हणाला, “अरेरे! मूळच कुजलंय. काढावं लागेल.” बाइंडरने मला खळ देऊ केली. शिंप्याने बटणावरून बोट फिरवले आणि एकच शब्द उच्चारला, “पुन्हा.” तो शब्द मी आयुष्यभर दुकानदारांना ऐकवत आलो, मला तो कोणी कधी ऐकवला नव्हता. तिघे डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. बाहेर उभे राहून ऐकलेले हसणे आणि हे हसणे एकच होते. आतून ऐकताना ते अधिक अपमानास्पद वाटते. थंडी मात्र वाजत नाही.

त्यांना क्षमा केली, असा याचा अर्थ नव्हे. दंतवैद्यापेक्षा सरस काज शिकून मी ते त्याच्या नाकासमोर धरणार आहे. न्हाव्याचाही पत्ता काढला आहे. मुलीकडे राहतो. गुरुवारी त्याला भेटायला जाईन. त्याच्याशी काय बोलायचे, ते पाठ करून जाणार नाही.

राहिलीस तू. तुला मोकळे सोडावे, असे मला मुळीच वाटत नाही. म्हणून ठरवले आहे, की तुझ्यासाठी एक जाकीट मी स्वतः शिवणार. कापण्यापासून काजापर्यंत, कोणाचीही मदत न घेता. ते तू संपूर्ण हिवाळा चारचौघांत घालायचेस, आणि कोणी विचारले तर भावाने शिवले म्हणून सांगायचेस.

तरी परतीच्या टपालाने माप पाठव. आणि खरे पाठव. कंबर कमी करून सांगण्याची तुझी सवय आमच्या खात्याला ठाऊक आहे. सूड अंगाला नीट बसला पाहिजे.

तुझा,
धाकटा